वकिलातीतला माणूस नेमकं काय करतो?

पुण्यात नवी पेठेतल्या एका अभ्यासिकेत माझी भाची तीन वर्षं यूपीएससीचा अभ्यास करतेय. यंदा तिची मुख्य परीक्षा निघाली. सेवांचा पसंतीक्रम भरताना तिनं पहिल्या क्रमांकावर भारतीय परराष्ट्र सेवा लिहिली आणि घरात प्रश्न सुरू झाले. कलेक्टर म्हटलं की माझ्या आईच्या डोळ्यांसमोर गाडी येते, एसपी म्हटलं की वर्दी येते. राजदूत म्हटलं की काहीच येत नाही. "परदेशात राहायचं, मेजवान्यांना जायचं आणि व्हिशावर शिक्के मारायचे, एवढंच ना गं?" आईनं विचारलं. नातीनं माझ्याकडे बोट दाखवलं, "आजी, मावशीला विचार."

मी परराष्ट्र खात्यात कधीच नव्हते. रानडे इन्स्टिट्यूटमध्ये रशियन शिकले आणि पुढे भाषांतराचं काम केलं. पण दोन भाषांच्या मध्ये उभं राहून काम करणाऱ्याला या पेशाची नस थोडी कळते, आणि या माणसांबद्दल मिळेल ते मी आवडीनं वाचत आलेय. आईला जेवताना सांगितलं ते अर्धवट राहिलं, म्हणून इथे नीट लिहिते.

आधी शब्द बघू. मराठीत दूतावासाला 'वकिलात' म्हणतात. आज वकील म्हटलं की काळा कोट आठवतो, पण पेशवाईत वकील म्हणजे दुसऱ्याच्या दरबारात आपली बाजू मांडणारा माणूस. दिल्ली दरबारात हिंगणे घराण्यातली माणसं मराठ्यांचे वकील होती, आणि त्यांनी पुण्याला धाडलेली पत्रं आजही इतिहासकार वाचतात. पुण्यातही परक्यांचा वकील बसायचा. ईस्ट इंडिया कंपनीचा चार्ल्स मॅलेट १७८६ साली रेसिडेंट म्हणून आला आणि मुळा-मुठेच्या संगमावर त्याची वसाहत उभी राहिली. तिथे बसून तो नाना फडणवीसांशी वाटाघाटी करायचा, दरबारात काय चाललंय ते वरिष्ठांना कळवायचा. १७९० साली टिपूविरुद्ध पेशवे आणि कंपनी यांचा करार झाला तो त्याच्याच मध्यस्थीनं. पुढे १८१७ च्या खडकीच्या लढाईच्या वेळी ती रेसिडेन्सी जाळली गेली. संगम पुलावरून जाताना मला दर वेळी वाटतं, हिंगण्यांचं आणि मॅलेटचं काम मुळात एकच होतं. परमुलखात राहायचं, तिथली माणसं ओळखायची, आपल्या धन्याचं म्हणणं तिथे पोचवायचं आणि तिथलं खरं काय ते घरी लिहून कळवायचं. आजच्या राजदूताच्या कामाचा गाभाही हाच.

फरक पडला तो नियमांमध्ये. पूर्वी वकिलाचा जीव यजमानाच्या मर्जीवर असायचा. १९६१ साली व्हिएन्नामध्ये राजनैतिक संबंधांबद्दलचा आंतरराष्ट्रीय करार झाला आणि जुने संकेत कागदावर आले. राजदूताला अटक करता येत नाही. वकिलातीच्या प्रमुखाच्या संमतीशिवाय यजमान देशाचे पोलीस आत पाऊल टाकू शकत नाहीत. पण म्हणून वकिलातीची जागा 'परदेशाची भूमी' होत नाही. हा गैरसमज शिकलेल्या माणसांतही फार आहे. दिल्लीतल्या चाणक्यपुरीतली सगळी जमीन भारताचीच आहे, फक्त तिथे आत शिरण्यावर आपण स्वतः बंधन मान्य केलंय. आणि एखादा परका अधिकारी नको झाला, तर कारण न सांगता त्याला परत पाठवण्याचा हक्कही त्याच करारानं यजमानाला दिलाय.

आता एका माणसाची वाटचाल बघू. विजय गोखले भारताचे परराष्ट्र सचिव होते, आणि निवृत्तीनंतर पुण्यातच असतात. ते १९८१ च्या तुकडीचे. या सेवेत निवड झाली की आधी मसुरीला बाकीच्या सेवांबरोबर पायाभूत प्रशिक्षण, मग दिल्लीत परराष्ट्र सेवेच्या संस्थेत, आणि त्यानंतर येतो तो टप्पा ज्यावर पुढची चाळीस वर्षं उभी राहतात. प्रत्येकाला एक परकी भाषा शिकावीच लागते. अरबी, रशियन, जपानी, फ्रेंच, चिनी अशा भाषांतून एक वाट्याला येते. त्या भाषेची परीक्षा उत्तीर्ण झाल्याशिवाय नोकरी कायम होत नाही. हे ऐकून आई थबकली. पंचविशीतल्या मुलाला सांगायचं की आता कोऱ्या पाटीवर मुळाक्षरं गिरव! पण त्या एका निवडीवरून पुढे तो माणूस कुठे राहणार, कोणाशी बोलणार, कोणत्या देशाबद्दल त्याचं मत विचारलं जाणार, हे बरंचसं ठरतं.

गोखल्यांची भाषा चिनी. सुरुवातीच्या वर्षांत त्यांनी हाँगकाँग, हनोई आणि बीजिंगमध्ये काम केलं. १९८९ मध्ये तिआनआनमेन चौकात विद्यार्थी जमले आणि जूनमध्ये रणगाडे आले, तेव्हा ते तिथल्या भारतीय वकिलातीत तरुण अधिकारी होते. तीस वर्षांनंतर त्यांनी त्या दिवसांवर पुस्तक लिहिलं. म्हणजे तिशीत डोळ्यांनी पाहिलेलं साठीपर्यंत मनात धरून ठेवलं. या पेशातल्या माणसाची खरी पुंजी हीच असं मला वाटतं. एकाच देशाकडे इतकी वर्षं सलग बघत राहण्याची सवय सरकारात दुसऱ्या कुठल्या खात्यात क्वचितच असेल. मंत्री बदलतात, सरकारं बदलतात. 'पूर्वी अशीच वेळ आली होती तेव्हा समोरचे काय म्हणाले होते' हे सांगणारा माणूस लागतो.

पदांची नावं गोंधळात टाकतात, ती झटकन सांगते. वकिलातीत थर्ड सेक्रेटरीपासून सुरुवात, मग सेकंड, फर्स्ट, काउन्सेलर, मिनिस्टर आणि शेवटी राजदूत. हा 'मिनिस्टर' म्हणजे मंत्री नव्हे, तो अधिकारीच. राष्ट्रकुलातल्या देशात आपला जो प्रमुख असतो त्याला उच्चायुक्त म्हणतात, इतरत्र राजदूत. काम तेच. गोखले २०१० ते २०१३ मलेशियात उच्चायुक्त होते आणि नंतर जर्मनीत राजदूत.

मधल्या काळातली त्यांची एक नेमणूक मला सगळ्यात बोलकी वाटते. २००३ ते २००७ ते तैवानची राजधानी तैपेईत होते. भारताचे तैवानशी राजनैतिक संबंध नाहीत, कारण आपण बीजिंगच्या सरकारला चीन म्हणून मान्यता दिलीय. मग व्यापार, विद्यार्थी, व्हिसा यांचं काय? त्यासाठी १९९५ पासून तिथे 'इंडिया तैपेई असोसिएशन' नावाचं कार्यालय आहे. दारावर वकिलात असं लिहिलेलं नाही, आत बसणारा राजदूत नाही, त्याला महासंचालक म्हणतात. काम मात्र बरंचसं वकिलातीचंच. आईला मी म्हटलं, दोन घरांचं बोलणं नसतं पण मुलांची ये-जा चालू ठेवायची असते, तसं. तिला लगेच कळलं.

या माणसांचं बरंच आयुष्य दिल्लीत जातं, हे बाहेर फारसं कोणी लक्षात घेत नाही. परराष्ट्र मंत्रालयात प्रदेशांनुसार विभाग असतात. गोखले तैपेईहून परतल्यावर पूर्व आशिया विभागाचे जॉइंट सेक्रेटरी झाले. बीजिंग, टोकियो, सोलहून आलेले कागद त्याच टेबलावर येतात. हे कागद म्हणजे राजदूताचं रोजचं लिखाण. आज कोणाला भेटलो, काय म्हणाले, काय म्हणायचं टाळलं, कोणत्या वर्तमानपत्रात कोणता शब्द बदलला, आणि माझ्या मते याचा अर्थ काय. आईला वाटणारी मेजवानी त्याच कामाचा भाग आहे. जेवणाच्या टेबलावर दोन वाक्यं ऐकायची आणि घरी येऊन ती नेमकी लिहून काढायची. चांगला राजदूत आपल्या सरकारला आवडेल ते लिहीत नाही, जे आहे ते लिहितो. याला धैर्य लागतं आणि ते फोटोत दिसत नाही.

शब्दांवर इतका जीव का टाकायचा, याचं माझ्या धंद्यातलं एक उदाहरण देते. १९६७ च्या अरब-इस्रायल युद्धानंतर त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये संयुक्त राष्ट्रांच्या सुरक्षा परिषदेनं २४२ क्रमांकाचा ठराव केला. इस्रायलनं युद्धात व्यापलेल्या प्रदेशांतून सैन्य मागे घ्यावं, असं त्यात आहे. इंग्रजी मसुद्यात 'प्रदेश' या शब्दाआधी 'द' हे उपपद नाही. फ्रेंच मसुद्यात मात्र त्या जागी उपपदासह 'दे' आहे. एका वाचनात काही प्रदेश सोडले तरी चालतात, दुसऱ्या वाचनात सगळे सोडावे लागतात. एका अक्षरावरचा तो वाद पन्नासहून अधिक वर्षांनंतरही मिटलेला नाही. रशियनमध्ये उपपद नसतं, मराठीतही नसतं. मी पहिल्यांदा हे वाचलं तेव्हा रात्री उशिरापर्यंत तीच ओळ चारही भाषांत लिहून बघत बसले होते.

असंच शब्दांचं वजन आपण जवळून पाहिलं ते भूतान-चीन सीमेवरच्या डोकलामच्या वेळी. जून २०१७ मध्ये चिनी सैन्यानं त्या पठारावर रस्ता बांधायला घेतला. भूतान म्हणतो जमीन आमची, चीन म्हणतो आमची. भारतीय जवान मध्ये उभे राहिले, कारण तो रस्ता पुढे गेला असता तर सिलीगुडीजवळच्या अरुंद पट्ट्याला, म्हणजे ईशान्येकडे जाणाऱ्या आपल्या वाटेला, धोका होता. दोन महिन्यांहून अधिक काळ दोन्ही सैन्यं समोरासमोर. सप्टेंबरच्या सुरुवातीला चीनमध्ये 'ब्रिक्स' या भारत-चीनसह पाच देशांच्या गटाची परिषद होती. तेव्हा बीजिंगमध्ये भारताचे राजदूत गोखले होते. २८ ऑगस्टला कोंडी फुटली. त्या दिवसाची दोन्ही निवेदनं शेजारी ठेवून वाचण्यासारखी आहेत. दिल्लीनं म्हटलं, समोरासमोर आलेल्या ठिकाणी सैनिक त्वरेनं मागे घेण्याचं मान्य झालं आहे आणि ते चालू आहे. बीजिंगनं म्हटलं, भारताचे सैनिक मागे गेले आणि आम्ही आमचा सार्वभौम हक्क बजावत राहू. एकच घटना, दोन मजकूर. कोणी खोटं बोललं असं यातून सिद्ध होत नाही. दोन्ही सरकारांना आपापल्या लोकांपुढे मान वर ठेवून उभं राहता येईल एवढी जागा शब्दांत ठेवली होती. ती जागा ठेवली नाही तर मग एकाला तरी मागे हटता येत नाही, आणि मग पठारावरचे जवान मोजावे लागतात.

जानेवारी २०१८ मध्ये गोखले परराष्ट्र सचिव झाले, म्हणजे या सेवेतल्या सर्वोच्च पदावर गेले. या पदाला २०१० पासून दोन वर्षांची निश्चित मुदत आहे. २६ फेब्रुवारी २०१९ ला सकाळी पाकिस्तानातल्या बालाकोटवरच्या हवाई हल्ल्याची बातमी देशाला अधिकृतपणे सांगितली ती हवाई दलाच्या प्रमुखांनी नाही, परराष्ट्र सचिवांनी. छोटं निवेदन वाचून दाखवलं. त्यातला महत्त्वाचा शब्दप्रयोग होता 'नॉन-मिलिटरी प्रीएम्प्टिव्ह अ‍ॅक्शन'. मराठीत फोड करायची तर, पाकिस्तानच्या लष्कराविरुद्ध नसलेली आणि पुढचा हल्ला होण्याआधीच केलेली कारवाई. विमानांनी बॉम्ब टाकले आणि तिला गैरलष्करी म्हटलं, यावर तेव्हा लोक चक्रावले होते. पण लक्ष्य दहशतवाद्यांचा तळ आहे, आम्ही तुमच्या सैन्याशी युद्ध पुकारलेलं नाही, हे समोरच्याला आणि जगाला त्या शब्दांतून सांगायचं होतं.

गोखले सचिव झाले त्या वर्षी, २०१८ मध्ये, बीजिंगमध्ये आपले राजदूत होते गौतम बंबावाले. पुण्याचे, गोखले इन्स्टिट्यूटमधून अर्थशास्त्र शिकलेले. म्हणजे दिल्लीच्या आणि बीजिंगच्या दोन्ही टोकांना चिनी जाणणारी मराठी माणसं! बंबावाले त्याआधी भूतानमध्ये राजदूत आणि पाकिस्तानात उच्चायुक्त होते. २००७ मध्ये चीनच्या ग्वांगझूला भारताचं वाणिज्य दूतावास सुरू झालं तेव्हा तिथले पहिले महावाणिज्यदूतही तेच. वाणिज्य दूतावास हा सामान्य माणसाच्या कामाचा भाग. पासपोर्ट हरवला, मालाचे पैसे अडकले, नातेवाईक तिकडे वारला, कोणी तुरुंगात पडलं, तर दार ठोठवायचं ते इथलं.

तुरुंगाचं नाव निघालं म्हणून सांगते. १९६३ चा व्हिएन्नाचा दुसरा करार वाणिज्य दूतांबद्दलचा आहे. त्याच्या ३६ व्या कलमानुसार परदेशात अटक झालेल्या माणसाला आपल्या देशाच्या दूताला कळवायला लावण्याचा आणि त्याला भेटण्याचा हक्क आहे. सांगलीला जन्मलेले कुलभूषण जाधव पाकिस्तानच्या कैदेत होते तेव्हा भारत हीच भेट मागत होता. एप्रिल २०१७ मध्ये लष्करी न्यायालयानं त्यांना फाशी सुनावली, त्या वेळी इस्लामाबादेत उच्चायुक्त बंबावाले होते. भारत हेगच्या आंतरराष्ट्रीय न्यायालयात गेला आणि १७ जुलै २०१९ ला न्यायालयानं पाकिस्ताननं ३६ व्या कलमाचा भंग केल्याचा निकाल पंधराविरुद्ध एक मतानं दिला. शिक्षेचा पुनर्विचार होईपर्यंत फाशी थांबवायला सांगितली. कागदावरचं एक कलम एका जिवापर्यंत कसं पोचतं ते इथे दिसतं. हे सांगताना आईचे डोळे पाणावले. तिनं ती बातमी तेव्हा रोज टीव्हीवर पाहिली होती.

मला स्वतःला सगळ्यात जवळचा वाटतो तो मात्र राजदूत म्हणून फारसा कोणाला माहीत नसलेला माणूस, वसंत परांजपे. सरकारी शिष्यवृत्तीवर चाळीसच्या दशकात ते चीनला शिकायला गेले आणि चिनी इतकी आत्मसात केली की ऑक्टोबर १९५४ मध्ये पंडित नेहरू बीजिंगला गेले, माओंना भेटले, तेव्हा मध्ये बसून दुभाष्याचं काम त्यांनी केलं. पुढे ते राजदूतही झाले. दोन मोठ्या देशांचे नेते एकमेकांना पहिल्यांदा जोखतायत आणि त्यांच्यामधले शब्द एका मराठी माणसाच्या तोंडून जातायत. दुभाष्याला थांबायला वेळ नसतो, शब्दकोश उघडता येत नाही. नेत्याचा राग जितका आहे तितकाच पोचवायचा, कमी नाही, जास्त नाही. मी कारखान्यांच्या बैठकांत रशियन अभियंत्यांसाठी हे काम केलंय, तेव्हाही संध्याकाळी घसा आणि डोकं दोन्ही सुकलेलं असायचं. त्या खोलीत काय ताण असेल याची मला थोडी तरी कल्पना येते.

एवढं ऐकून आईनं तिचा खरा प्रश्न विचारला. "आणि लग्नानंतर हिचं कसं?" हा प्रश्न सरकारनंही एके काळी विचारला होता, तोही कायद्यानं. सी. बी. मुथम्मा १९४९ साली सेवेत आल्या. तेव्हा नियम होता की महिला अधिकाऱ्यानं लग्नाआधी सरकारची लेखी परवानगी घ्यायची, आणि संसारामुळे कामात अडथळा येतो असं सरकारला वाटलं तर तिला राजीनामा द्यायला सांगता येईल. पुरुषांना असं काही नव्हतं. मुथम्मा हंगेरीत राजदूत झाल्या, भारतीय परराष्ट्र सेवेतून राजदूतपदापर्यंत पोचलेल्या पहिल्या स्त्री. तरीही बढतीत डावललं गेलं तेव्हा त्या सर्वोच्च न्यायालयात गेल्या. १९७९ च्या निकालात न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांनी या नियमांवर फार कडक शब्दांत टीका केली. पुढे निरुपमा राव चीनमध्ये राजदूत झाल्या, नंतर परराष्ट्र सचिव. त्यांनी एमए केलं होतं ते औरंगाबादच्या मराठवाडा विद्यापीठातून. मार्च २००८ मध्ये तिबेटच्या आंदोलनाच्या वेळी चिनी परराष्ट्र मंत्रालयानं त्यांना रात्री दोन वाजता बोलावून घेतलं होतं. राजदूताला नाराजी कळवायची ही एक रीत, आणि वेळ निवडण्यातच निरोप असतो.

तरी आईच्या प्रश्नाला पूर्ण उत्तर नाहीच, आणि मी ते तिला तसंच सांगितलं. साधारण तीन वर्षांनी देश बदलतो. मुलांची शाळा बदलते, जोडीदाराची नोकरी सुटते, आईवडील इकडे म्हातारे होतात. सणाला घरी येता येईलच असं नसतं. हजाराच्या आसपास अधिकाऱ्यांची ही सेवा भारताच्या आकाराच्या मानानं लहान आहे, त्यामुळे रजा मागतानाही विचार करावा लागतो. आई बराच वेळ गप्प होती. मग म्हणाली, "कोणती भाषा मिळेल हिला?"

ते आत्ताच कोणाला सांगता येणार, मी म्हटलं. पण भाचीनं मुलाखतीच्या तयारीतून वेळ काढून मला एक विचारलंय, रशियन लिपी शिकायला किती दिवस लागतात. लिपीला आठवडा पुरतो. रविवारी सकाळी अभ्यासिकेत जाण्याआधी ती येणार आहे, आणि आईनं सांगितलंय की मीही शेजारी बसणार.